४० एमबीतला गॉड ऑफ वॉर

यूट्यूबवर 'गॉड ऑफ वॉर २ पीसी हायली कॉम्प्रेस्ड' एवढं नुसतं टाकून बघा. अख्खा गेम दाबून एवढ्याशा फाइलमध्ये देतो म्हणणाऱ्यांची जत्रा दिसेल. कोण २०० एमबी म्हणतंय, कोण ८०, एका पठ्ठ्याने तर ४० एमबी लिहिलंय आणि थंबनेलमधला गेमचा हिरो क्रेटॉस असा डोळे वटारून बघतोय की त्यालाच पटलेलं नसावं. खाली कमेंटमध्ये 'वर्किंग ब्रो', 'थँक्यू भाई' यांची रांग, आणि मधेच एखादं पोरगं 'दादा पासवर्ड काय आहे' म्हणतंय, त्याला कुणी ढुंकून विचारत नाही.

जरा हिशोब करू. हा गेम आला २००७ ला, सोनीच्या प्लेस्टेशन २ वर, म्हणजे पीएस२ या गेम खेळायच्या कन्सोलवर. साध्या ४.७ जीबीच्या डीव्हीडीत मावेना म्हणून तो डबल लेयर डीव्हीडीवर काढला, जिच्यात ८.५ जीबी बसतात. पीसीवर तो कधी आलाच नाही. पीसीवर अधिकृतपणे आला तो २०१८ वाला गॉड ऑफ वॉर, तोसुद्धा जानेवारी २०२२ मध्ये, आणि त्याला ७० जीबी जागा लागते. त्याच्या पुढचा रॅग्नारॉक सप्टेंबर २०२४ ला आला, त्याला १९० जीबी. म्हणजे गॉड ऑफ वॉर २ चा 'पीसी सेटअप' नावाची वस्तू कंपनीने कधी बनवलीच नाही आणि इथे ती ४० एमबीत मिळतेय, वर फुकट.

मी सायबर एक्स्पर्ट वगैरे नाही हो. नोकरी वेगळीच आहे, पण बिल्डिंगमध्ये आणि नातेवाइकांत 'त्याला कॉम्प्युटरचं कळतं' असं नाव पडलंय, त्यामुळे मे महिन्यात आणि दिवाळीच्या सुट्टीत लॅपटॉप घेऊन लोक येतात. 'स्लो झालाय रे', 'सारख्या जाहिराती येतात', 'फॅन विमानासारखा वाजतोय'. दहातल्या सातांमध्ये डाऊनलोड्स फोल्डर उघडला की तेच, गेमचं नाव, पुढे हायली कॉम्प्रेस्ड, पुढे साइटचं नाव, आणि शेवटी डॉट ईएक्सई, म्हणजे क्लिक केलं की चालू होणारा प्रोग्रॅम.

तर सगळ्यात आधी हे ईएक्सईचंच सांगतो कारण बाकी काही वाचलं नाही तरी एवढं पुरेल. कन्सोलचा गेम पीसीवर चालवायला एम्युलेटर लागतो, म्हणजे पीसीला त्या कन्सोलचं सोंग घ्यायला लावणारं सॉफ्टवेअर. पीएस२ साठी पीसीएसएक्स२, पीएसपी या हातात धरायच्या कन्सोलसाठी पीपीएसएसपीपी, पीएस३ साठी आरपीसीएस३. हे तिन्ही फुकट आहेत, ओपन सोर्स आहेत, स्वतःच्या अधिकृत साइटवर मिळतात. पहिल्या दोघांना गेम म्हणून द्यायची असते ती डिस्कची इमेज, म्हणजे अख्ख्या डिस्कची एका फाइलमधली नक्कल, आयएसओ किंवा सीएचडी, सीएसओ असली. ती इन्स्टॉल होत नाही, तिच्यावर डबल क्लिक करून गेम चालू करायचा नसतो, विंडोजच्या दृष्टीने तो नुसता डेटा आहे. त्यामुळे पीएस२ चा गेम म्हणून कोणी तुम्हाला सेटअप डॉट ईएक्सई देत असेल तर त्या सेटअपला तुमच्या पीसीवर दुसरंच काहीतरी काम आहे. आणि विंडोज मूळात एक्स्टेन्शन, म्हणजे फाइलच्या नावाचं शेवटचं शेपूट, लपवून ठेवतं, त्यामुळे 'गेम.आयएसओ.ईएक्सई' ही फाइल स्क्रीनवर 'गेम.आयएसओ' एवढीच दिसते. फाइल एक्सप्लोररच्या व्ह्यू मेनूत फाइल नेम एक्स्टेन्शन्सला टिक करून टाका, आत्ताच करा, परत येऊन वाचा.

आता साइजचं. लोकांना वाटतं कॉम्प्रेशन म्हणजे काहीतरी सिक्रेट सॉफ्टवेअर आहे आणि ज्याच्याकडे ते भारीतलं आहे तो काहीही दाबू शकतो. तसं नसतं. फाइलमध्ये जे परत परत येतं ते एकदाच लिहायचं आणि पुढे 'इथे तेच परत' अशी खूण ठेवायची, एवढाच मूळ खेळ. परत येणारं काही शिल्लक नसेल तर दाबायलाही काही नसतं. क्लॉड शॅनननं १९४८ मध्येच गणितानं दाखवून ठेवलंय की माहिती न गमावता एका मर्यादेच्या खाली जाताच येत नाही. आणि गेममध्ये जागा कोण खातं? कटसीनचे म्हणजे मधे मधे येणाऱ्या गोष्टीचे व्हिडिओ, आवाज, टेक्श्चर म्हणजे वस्तूंवर चढवलेली चित्रं. पीएस२ च्या गेममधले व्हिडिओ बहुतेक करून एमपेग-२ मध्ये, आवाज एडीपीसीएममध्ये, म्हणजे बनवणाऱ्यांनी आधीच दाबून ठेवलेला माल. चरकातून दोनदा काढलेलं चिपाड तिसऱ्यांदा घातलं तर रस किती निघणार?

पण इथे एक गंमत आहे आणि ती या व्हिडिओवाल्यांच्या पथ्यावर पडते. काही पीएस२ गेम खरोखर भरपूर दाबले जातात. कारण त्या डिस्कवर पोकळ भरणा असायचा. डिस्क एकाच गतीने फिरत असली की बाहेरच्या कडेचा भाग आतल्यापेक्षा जास्त वेगाने वाचून होतो, म्हणून काही डेव्हलपर आतल्या बाजूला नुसते शून्य भरलेली मोठ्ठी डमी फाइल टाकायचे आणि खरा गेम कडेकडे ढकलायचे, लोडिंग पटकन व्हावं म्हणून. असा गेम सीएचडीमध्ये घातला की त्या शून्यांची जागा जवळपास नाहीशी होते आणि खऱ्या गेमचा एक बिटही हलत नाही. हा फॉरमॅट आर्केड मशीनच्या एम्युलेटरवाल्यांनी काढलेला आणि पीसीएसएक्स२ तो थेट उघडतो, आधी एक्स्ट्रॅक्ट पण करावा लागत नाही. मी स्वतः माझ्या सगळ्या डिस्क असंच ठेवतो. पण याची मजल किती? ४ जीबीचे २ जीबी, नशीब जोरावर असेल तर १. डमी भरणा नसेल तर दोन-चारशे एमबी वाचले तरी खूप झालं. ८ जीबीचे ४० एमबी म्हणजे दोनशेतला एक भाग. हे जमत असतं तर सोनीनं डबल लेयर डीव्हीडीचा खर्च कशाला केला असता?

मग व्हिडिओत दिसतं ते काय? १० एमबीच्या फाइलवर राइट क्लिक, एक्स्ट्रॅक्ट हिअर, आणि खरंच ४ जीबीचा फोल्डर तयार होतो की समोर! होतो ना. शून्यांनी भरलेली फाइल कितीही दाबता येते. ४२.झिप म्हणून एक जुनी बदनाम फाइल आहे, ४२ केबीची, झिपच्या आत झिप अशी थरावर थर, शेवटपर्यंत उलगडली तर साडेचार पेटाबाइट होतात आणि त्यात काहीही नसतं. तीच ट्रिक छोट्या प्रमाणात करायची, स्क्रीनवर एक्स्ट्रॅक्ट होताना दाखवायचं, फोल्डरची प्रॉपर्टी दाखवायची, आणि मग व्हिडिओ कट, आणि कटनंतर गेम चालू. सगळी कलाकारी त्या कटमध्ये आहे. तो गेम त्या फोल्डरातून चालू झालेला कोणत्याच व्हिडिओत सलग दिसत नाही, बघा पाहिजे तर.

जुन्या लोकांना केजीबी आर्काइव्हर नावाचं फाइल दाबायचं सॉफ्टवेअर आठवत असेल. सायबर कॅफेच्या काळात 'जीटीए सॅन अँड्रियास १० एमबीत' म्हणून हीच अफवा त्याच्या नावावर खपायची. सॉफ्टवेअर खरं होतं, दाबायचं पण झिपपेक्षा चांगलं, फक्त मोठी फाइल दिली की मशीन तासन् तास अडकून बसायचं आणि कॅफेवाला तासाचे पैसे लावायचा. चमत्कार तेव्हाही नव्हता.

कोणी हुशार मुलगा मला हमखास केक्रीगरचं उदाहरण देतो. २००४ साली जर्मनीतल्या काही डेमो बनवणाऱ्या पोरांनी अख्खा थ्रीडी शूटिंग गेम ९६ केबीत बसवला होता, हे शंभर टक्के खरं आहे आणि आजही बघितलं तर तोंडात बोट जातं. पण त्यात एकही चित्र साठवलेलं नाही. भिंतीचा दगड कसा काढायचा, आवाज कसा तयार करायचा याच्या फक्त सूचना आहेत आणि सुरू करताना तुमचा पीसी ते सगळं जागच्या जागी बनवतो. गेम पहिल्यापासून तसा लिहावा लागतो. शेकडो कलाकारांनी हातानं रंगवलेला तयार गेम घेऊन त्याचं असं रूपांतर करता येत नाही.

मोबाइलवर पीपीएसएसपीपी चालवणाऱ्यांसाठी याच्याहून सोपी परीक्षा आहे, हिशोब पण नको. तो गेम त्या मशीनवर आला होता का एवढंच बघा. 'जीटीए सॅन अँड्रियास पीपीएसएसपीपी', 'जीटीए ५ पीपीएसएसपीपी ३०० एमबी', 'गॉड ऑफ वॉर ३ पीपीएसएसपीपी' हे सगळ्यात जास्त शोधलं जाणाऱ्यांपैकी असावं, निदान माझ्या भाच्यांच्या फोनवर तरी. पीएसपीवर जीटीए आले ते लिबर्टी सिटी स्टोरीज, व्हाइस सिटी स्टोरीज आणि चायनाटाउन वॉर्स. सॅन अँड्रियास नाही. जीटीए ५ तर २०१३ चा, पीएस३ आणि एक्सबॉक्स ३६० वरचा, पीएसपीच्या डिस्कमध्ये जेमतेम १.८ जीबी मावायचे त्यात तो कुठून येणार. गॉड ऑफ वॉरचे पीएसपीवर दोनच, चेन्स ऑफ ऑलिम्पस आणि घोस्ट ऑफ स्पार्टा. तिसरा भाग पीएस३ च्या ब्लू-रेवर होता. मग ३०० एमबीत मिळतं ते काय, तर बहुतेक वेळा त्या जुन्याच पीएसपी गेमवर कोणीतरी कॅरेक्टरचे कपडे बदललेले असतात किंवा फाइल उघडतच नाही आणि तोपर्यंत लिंक शॉर्टनरवर पंधरा-पंधरा सेकंद थांबवून त्याने जाहिरातीचे पैसे काढलेले असतात. जीटीए ६ चा पहिला ट्रेलर डिसेंबर २०२३ ला आला तेव्हा गेमचा पत्ता नव्हता तरी 'डाऊनलोड लिंक इन डिस्क्रिप्शन' वाले हजर.

पोरांना शिव्या घालून उपयोग नाही हे पण सांगतो. घरात वायफाय नाही, बाबांच्या मोबाइलचा हॉटस्पॉट, दिवसाला दीड जीबी, रात्री बाराला डेटा नवीन मिळायची वाट बघत जागणारी पोरं मी बघितलीयत. अशा पोराला ७० जीबी म्हणजे बाकी काही न बघता दीड महिना. लॅपटॉप आय३, रॅम ४ जीबी, ग्राफिक कार्ड नाही. नवीन गेमची किंमत तीन-चार हजार, एवढे पैसे घरात मागितले तर काय उत्तर मिळेल ते सगळ्यांना माहितीये. आणि समोर कोणीतरी म्हणतंय ४० एमबी, लो एंड पीसी, नो ग्राफिक कार्ड. गळ टाकणाऱ्याला मासा काय खातो ते बरोबर ठाऊक आहे, 'हायली कॉम्प्रेस्ड' हे आमिष आपल्यासारख्या देशासाठीच बनलंय असं मला वाटतं.

आता सगळंच बोगस असतं असंही नाही, आणि त्यामुळेच फसायला होतं. काही फाइल खरंच चालतात. कोणीतरी कटसीन काढून टाकलेत, गाणी काढलीत, आवाज मोनो करून टाकलाय, त्यामुळे साइज कमी झालीय. सुरुवातीला सगळं छान. मग एखाद्या ठिकाणी व्हिडिओ यायचा असतो तिथे काळी स्क्रीन, बसली ती बसली, कारण गेम जी फाइल शोधतोय ती आतमध्ये नाहीच. आणि पोरगं बिचारं पीसीएसएक्स२ च्या सेटिंगशी झगडत राहतं, रेंडरर बदल, व्हल्कन कर, स्पीड हॅक काढ, परत पहिल्यापासून खेळ. खऱ्या डिस्कचे चेकसम, म्हणजे आतल्या डेटावरून काढलेले ओळखीचे आकडे, रीडम्प नावाच्या प्रकल्पात नोंदवून ठेवलेले असतात, तिथे गेम मिळत नाही, नुसते आकडे, आणि आपल्या इमेजचा आकडा त्याच्याशी जुळला तर इमेज जशीच्या तशी आहे. काटछाट केलेली कधीच जुळणार नाही. सीएचडी मात्र उलगडली की जुळते, हाच दोघांतला फरक.

पीसी गेमचे रिपॅक, म्हणजे कोणीतरी परत दाबून बांधलेल्या चोरीच्या कॉप्या, हा वेगळा प्रकार, त्यात खरंच ताकदीचं कॉम्प्रेशन वापरतात, पण ते पण ७० चे ३०-४० वगैरे करतात, ७० चे ७० एमबी नाही. आणि वाचवलेला डेटा इन्स्टॉल करताना वसूल होतो, आय३ वर चार-पाच तास सीपीयू शंभर टक्के आणि मूळ फाइल, उलगडलेली फाइल, गेम अशी जागा पण ज्यादा. शिवाय नावाजलेल्या रिपॅकवाल्यांच्या नावाने हुबेहूब दिसणाऱ्या खोट्या साइट ढिगाने आहेत, सर्चमध्ये वर कोणती येईल सांगता येत नाही.

आणि आता जे खरं विष आहे ते. पॅटर्न ठरलेला असतो. फाइल आरएआर किंवा सेव्हन झिप, तिला पासवर्ड. पासवर्ड कशाला? मुलांना वाटतं चॅनेल सबस्क्राइब करावं म्हणून. पासवर्ड असला की अँटिव्हायरसला आत काय आहे ते दिसत नाही, डाऊनलोड होताना ब्राउझरलाही नाही. मग आत एक रीडमी, 'इन्स्टॉल करण्याआधी अँटिव्हायरस बंद करा, फॉल्स पॉझिटिव्ह येतो'. म्हणजे चोर सांगतोय कडी काढून ठेवा, मी येतोय, कुत्रा उगाच भुंकतो, आणि आपण काढून ठेवतो. माझ्याकडे आलेल्या एका लॅपटॉपवर विंडोज सिक्युरिटी उघडलं, हिरवी टिक, 'नो ॲक्शन नीडेड', सगळं आलबेल. म्हटलं एक्सक्लुजन्स बघू. तिथे एकच ओळ होती, अख्खा सी ड्राइव्ह. म्हणजे विंडोजचा स्वतःचा अँटिव्हायरस डिफेंडर चालू होता, दिवसभर इमानदारीत काम करत होता, फक्त सी ड्राइव्हकडे बघायचं नाही असं त्याला सांगून ठेवलं होतं. मुलाला तर ते पान कुठे असतं तेही माहीत नव्हतं, सेटअपनेच ते केलं होतं.

तुमचंही बघा एकदा. विंडोज सिक्युरिटी, मग व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन, मॅनेज सेटिंग्ज, अगदी खाली एक्सक्लुजन्स. तिथे तुम्ही स्वतः टाकलेलं नसेल असं काहीही दिसलं तर समजून जा.

हे काही माझ्या गल्लीपुरतं नाही. अँटिव्हायरस बनवणाऱ्या अवास्टने जून २०२१ मध्ये क्रॅकोनॉश नावाच्या मालवेअरचा रिपोर्ट काढला होता. जीटीए ५, एनबीए २के१९, फार क्राय ५, सिम्स ४ यांच्या क्रॅक केलेल्या, म्हणजे लायसन्सचं कुलूप तोडलेल्या, कॉप्यांमधून ते पसरत होतं. पीसी सेफ मोडमध्ये रीस्टार्ट करायचं, तिथे अँटिव्हायरस झोपलेला असतो, त्याला काढून टाकायचं, विंडोज अपडेट बंद करायचं, आणि मग मागच्या मागे मोनेरो नावाची क्रिप्टोकरन्सी माइन करत, म्हणजे पीसीला आकडेमोडीला जुंपून कॉइन कमवत बसायचं. जगभरात २ लाख २२ हजारांवर पीसी, त्यातून वीस लाख डॉलरहून जास्त कमाई, आणि लागण झालेल्या देशांत भारत वरच्या तिघांत, १३ हजारांच्या वर मशीन. लाइट बिल तुमचं, फॅन तुमचा, कॉइन त्यांचे. 'गेम खेळत नसतानाही गरम होतो' म्हणून येणारे लॅपटॉप बघितले की मला आधी हेच आठवतं. अजून ताजं म्हणजे कॅस्परस्कीने फेब्रुवारी २०२५ मध्ये सांगितलेलं स्टारीडोब्री. गॅरीज मॉड, बीमएनजी ड्राइव्ह असल्या गेमचे रिपॅक सप्टेंबर २०२४ लाच टॉरेंटवर टाकून ठेवले, महिनोन् महिने गप्प, आणि ३१ डिसेंबरला, लोक थर्टी फर्स्टच्या नादात असताना, माइनर जागा केला. तो आधी प्रोसेसरचे कोअर मोजायचा, आठपेक्षा कमी असतील तर काम करायचाच नाही. आमच्या आय३ ला तिथेही कुणी विचारलं नाही.

माइनर परवडला म्हणायची वेळ येते जेव्हा फाइल लॉक करणारा येतो. आमच्या ओळखीच्या एकांचं हार्डवेअरचं दुकान आहे, दुकानातल्या पीसीवर टॅली, आणि दुपारी काउंटर रिकामा असताना मुलगा त्याच पीसीवर बसायचा. त्यांचा फोन आला की टॅली कंपनीच उघडत नाही. जाऊन बघतो तर प्रत्येक फाइलच्या शेवटी चार अक्षरांचं भलतंच शेपूट, मुलीच्या साखरपुड्याच्या फोटोंपासून जीएसटीच्या एक्सेलपर्यंत, आणि प्रत्येक फोल्डरमध्ये एकेक रीडमीची टेक्स्ट फाइल. ९८० डॉलर द्या, ७२ तासांत संपर्क केलात तर निम्मे, ४९०. हे स्टॉप किंवा डीजेव्हीयू नावाच्या रॅन्समवेअरचं घराणं, मोठ्या कंपन्यांच्या मागे न लागता क्रॅक आणि कीजेन (खोटी लायसन्स की बनवणारे प्रोग्रॅम) डाऊनलोड करणाऱ्या घरगुती लोकांना धरणारं. एमसिसॉफ्टने ऑक्टोबर २०१९ मध्ये त्याच्या १४८ प्रकारांसाठी लॉक उघडणारा फुकट डिक्रिप्टर काढला होता, पण त्यानंतरच्या प्रकारांत फाइल लॉक होताना नेट चालू असेल तर प्रत्येक पीसीला वेगळी किल्ली सर्व्हरवरून येते आणि ती त्यांच्याकडेच राहते. दुकानाचं नेट अर्थात चालू होतं. बॅकअपचा पेन ड्राइव्ह कायम मागे लावलेलाच असायचा त्यामुळे तोही गेला. सीएकडे रिटर्न भरायला दिलेला जुना डेटा होता म्हणून वर्षाचा पाया तरी वाचला, पुढच्या काही महिन्यांची बिलं कागदावरून परत मारायला घरातली सगळी बसली. पोराला बोलणी बसली ती बसलीच, पण मला राग त्या गोष्टीचा नाही आला, धंद्याचा पीसी आणि खेळायचा पीसी एकच होता त्याचा आला. आपल्याकडे घरोघरी हेच असतं.

आणि तिसरा प्रकार तर आवाजही करत नाही. स्टीलर म्हणतात. सेटअपवर क्लिक केलं, एक एरर आली, 'डीएलएल मिसिंग', मुलगा म्हणतो चालला नाही वाटतं आणि डिलीट करून टाकतो. त्या दहा-पंधरा सेकंदांत क्रोममध्ये सेव्ह केलेले सगळे पासवर्ड आणि कुकीज गेलेल्या असतात. कुकी गेली की ओटीपीचा पण उपयोग नाही कारण तुम्ही आधीच लॉगिन आहात, समोरचा फक्त तुमचं चालू सेशन उचलून नेतो. त्यात मुलाचं डिस्कॉर्ड, स्टीम असतं तसं आईचं फेसबुक असतं आणि बाबांचा जीएसटी पोर्टलचा पासवर्ड असतो. लुम्मा नावाचा असाच स्टीलर मे २०२५ मध्ये मायक्रोसॉफ्टने आणि अमेरिका, युरोपच्या पोलिसांनी मिळून पाडला तेव्हा आकडा आला, मार्च ते मे अशा दोन महिन्यांत ३,९४,००० विंडोज पीसी. हल्ली तर फाइल पण द्यावी लागत नाही. डाऊनलोड बटण दाबलं की 'तुम्ही रोबोट नाही हे सिद्ध करा' येतं, आणि चौकोनी चित्रांऐवजी सांगतं, विंडोज की आणि आर दाबा, मग कंट्रोल व्ही, मग एंटर. त्या पानाने आधीच तुमच्या क्लिपबोर्डवर एक कमांड कॉपी करून ठेवलेली असते, तुम्ही स्वतःच्या हाताने ती चालवता. जगातला कुठलाही खरा कॅप्चा तुम्हाला रन बॉक्स उघडायला सांगत नाही.

निन्टेन्डो स्विचवाल्यांनी तर दुप्पट जपायला पाहिजे. युझू नावाच्या स्विचच्या एम्युलेटरवर निन्टेन्डोने केस केली आणि मार्च २०२४ मध्ये २४ लाख डॉलर भरून युझूवाल्यांनी दुकान बंद केलं, त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये तसलंच दुसरं सॉफ्टवेअर र्‍युजिन्क्स पण गेलं. म्हणजे आता 'युझू ऑफिशियल डाऊनलोड' म्हणून जे काही दिसतं ते ऑफिशियल असूच शकत नाही.

कायद्याचं दोन ओळीत. कॉपीराइट कायदा १९५७, कलम ६३, सहा महिने ते तीन वर्षं आणि ५० हजार ते २ लाख दंड. गेम खेळला म्हणून घरी पोलीस येतील असलं काही मी म्हणणार नाही, पण तो चोरीचा माल आहे हे मान्य करूनच पुढे बोलू. कायदेशीर कॉपी तुमच्याकडे असेल तर बॅकअप घ्यायची मुभा कलम ५२ मध्ये आहे.

'मग दादा चांगली साइट कोणती ते सांग', हे दर वेळी विचारतात. नाही सांगणार, आणि माझ्याकडे नाहीये पण. माझ्याकडे आहेत त्या जुन्या पीएस२ च्या डिस्क, काही तेव्हाच्या, काही सेकंड हँड घेतलेल्या. यूएसबीचा डीव्हीडी रायटर हजार-दीड हजारात येतो, इमगबर्नने आयएसओ काढायची, सीएचडीमॅननं दाबायची, झालं. बायोस, म्हणजे कन्सोल सुरू करणारं त्याच्या आतलं सॉफ्टवेअर, एम्युलेटरला लागतो आणि तो स्वतःच्या कन्सोलमधून काढावा लागतो, त्याला जरा खटपट आहे, पण 'पीएस२ बायोस झिप' म्हणून नेटवर शोधायला गेलात की परत त्याच चिखलात. पीएस३ ची फर्मवेअर, म्हणजे तिचं आतलं सॉफ्टवेअर, मात्र सोनीच्या स्वतःच्या साइटवर फुकट आहे, आरपीसीएस३ ला तीच चालते.

कन्सोल नाही, डिस्क नाही, पैसे नाहीत, दीड जीबी डेटा आहे? तरी भरपूर आहे. स्टारड्यू व्हॅलीला ५०० एमबी जागा लागते, अख्ख्या गेमला, आणि तो कोणीही न दाबलेला, कंपनीने दिलेला आकडा आहे, आय३ वर लोण्यासारखा चालतो. स्टीम या ऑनलाइन गेमच्या दुकानाच्या सेलमध्ये दोन-अडीचशेत असले कितीतरी मिळतात, यूपीआय चालतं. तसल्याच दुसऱ्या दुकानाचे एपिकवाले दर आठवड्याला काही ना काही फुकट देतात, मे २०२० मध्ये तर जीटीए ५ दिला होता आणि त्या दिवशी त्यांची साइटच झोपली होती एवढी गर्दी. स्टीमवर अर्धवट डाऊनलोड थांबवून उद्या पुढे चालू करता येतं, रोज एक जीबी खाली ओढत मोठा गेम पूर्ण करणारी चिकाटीची मुलं पण आहेत आमच्याकडे.

आणि जर चालवून झालंच असेल ते सेटअप, तर आधी नेट काढा. पासवर्ड बदला, पण त्याच पीसीवरून नाही, मोबाइलवरून, आणि गूगल, इन्स्टा सगळीकडे 'सगळ्या डिव्हाइसवरून लॉगआउट' करा, नाहीतर चोरलेली कुकी चालूच राहते. डिफेंडरचा ऑफलाइन स्कॅन असतो तो लावा, सरकारच्या सायबर स्वच्छता केंद्राच्या साइटवर पण फुकट टूल आहेत. पैसे गेले असतील तर वेळ न घालवता १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन. मी स्वतः मात्र अशा मशीनवर विंडोज नव्यानेच टाकतो, स्कॅन करून साफ झालं यावर माझा विश्वास बसत नाही. फक्त फॉरमॅट करताना लोक सी ड्राइव्ह उडवतात आणि डी तसाच ठेवतात, फोटो असतात म्हणून. तो सेटअप पण डी मध्येच 'गेम्स' नावाच्या फोल्डरात असतो, आणि नवीन विंडोज आलं, लॅपटॉप फास्ट झाला, की पोरगं पहिलं काम काय करतं तर म्हणतं, आता चालेल बहुतेक.